विवाहाचा समान हक्क : आता चावडीवर चला

१७ ऑक्टोबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने समलिंगी विवाहासंबंधीच्या याचिकांवर निर्णय दिला. विवाह हा घटनेने दिलेला मूलभूत हक्क नव्हे आणि १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात समलिंगी जोडप्यांना सामावून घेण्याचे काम न्यायालयाचे नसून कायदेमंडळाचे आहे, यावर पाचही न्यायमूर्तींचे एकमत झाले. विवाह असे नाव न देता अशा सहजीवनाला काही कायदेशीर मान्यता द्यावी काय, या प्रश्नावर मात्र मते विभागली आणि तीन विरुद्ध दोन अशा बहुमताने तीही मागणी नाकारली गेली. ९ जानेवारी २०२५ रोजी फेरविचाराचे अर्जही फेटाळण्यात आले.

या निर्णयाच्या दोन प्रतिक्रिया उमटल्या. विरोधकांनी ‘प्रश्न मिटला’ म्हणून सुटकेचा निःश्वास टाकला. समर्थकांपैकी पुष्कळांनी ‘आता आपल्या हयातीत काही होणे नाही’ असे म्हणून हात टेकले. दोहोंचे एका बाबतीत नकळत एकमत आहे : हा प्रश्न न्यायालयात जन्मला आणि न्यायालयातच संपला. माझे म्हणणे याच्या अगदी विरुद्ध आहे. विवाहाच्या समान हक्काचा लढा आपल्या देशात खऱ्या अर्थाने अद्याप सुरूच झालेला नाही, कारण तो लोकांपर्यंत गेलेला नाही. आणि तो लोकांपर्यंत नेण्याची पात्रता, परंपरा आणि जबाबदारी ज्यांची आहे, त्या समाजवादी कार्यकर्त्यांनीच आजवर त्याकडे पाठ फिरवली आहे. ही उपेक्षा तत्त्वतः चुकीची आणि व्यवहारतः घातक आहे, हे दाखवण्यासाठी हा लेखनप्रपंच.

न्यायालयात हरलेला लढा लोकांत जाऊन जिंकता येतो काय, या प्रश्नाचे उत्तर शोधताना प्रथम आयर्लंडकडे पाहिले पाहिजे. कॅथरिन झॅपोन आणि अ‍ॅन लुईस गिलिगन या दोघी अध्यापिका. डब्लिनच्या टाला या कष्टकरी उपनगरात स्त्रियांसाठी शिक्षणकेंद्र चालवणे हे त्यांच्या आयुष्याचे मोठे काम. २००३ साली त्यांनी कॅनडात विवाह केला. मायदेशी परतल्यावर आपल्याला विवाहित जोडपे म्हणून करआकारणी व्हावी अशी मागणी त्यांनी केली, करखात्याने ती नाकारली आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले. डिसेंबर २००६ मध्ये त्या खटला हरल्या. आयर्लंडच्या घटनेतील विवाह म्हणजे स्त्री-पुरुषांचाच विवाह, असा निर्णय झाला. आपल्याकडील २०२३ आणि त्यांच्याकडील २००६ यांतील साम्य उघड आहे. पुढे काय घडले, तिकडे मात्र आपले लक्ष गेलेले नाही.

खटल्याला पाठिंबा देण्यासाठी जमलेल्या मंडळींनी २००८ साली ‘मॅरेज इक्वॉलिटी’ ही संघटना उभारली. वरिष्ठ न्यायालयाकडे डोळे लावून ही संघटना बसली नाही. समलिंगी स्त्रीपुरुषांनी आपल्या आईवडिलांसह आपापल्या मतदारसंघातील लोकप्रतिनिधीला समक्ष भेटावे आणि आपली हकीकत त्याला सांगावी, असा साधा कार्यक्रम तिने हाती घेतला. २०१० साली सरकारने विवाहाऐवजी ‘नागरी सहजीवना’चा कायदा करून दुय्यम दर्जा देऊ केला. तो मिळाला तरी चळवळ थांबली नाही. २०१३ मध्ये घटनादुरुस्तीचा विचार करण्यासाठी शंभर जणांची परिषद बसली. तिच्यात एक अध्यक्ष आणि ३३ राजकारणी होते. उरलेले ६६ जण मतदारांतून निवडलेले सामान्य नागरिक होते. दोन्ही बाजू ऐकल्यानंतर या परिषदेने ७९ टक्के मतांनी समान विवाहाची शिफारस केली. २२ मे २०१५ रोजी सार्वमत झाले. १२,०१,६०७ मतदारांनी होकार दिला आणि ७,३४,३०० जणांनी नकार. होकाराचे प्रमाण ६२ टक्के होते. ४३ मतदारसंघांपैकी ४२ मतदारसंघ बाजूने राहिले, एकच विरोधात गेला.

हे कोणत्या देशात घडले, हे लक्षात घ्या. समलिंगी संबंध हा जेथे १९९३ पर्यंत गुन्हा होता, घटस्फोटाला परवानगी देण्याची घटनादुरुस्ती जेथे १९९५ साली जेमतेम नऊ हजार मतांच्या फरकाने निभावली, आणि जेथील शाळांवर व रुग्णालयांवर कॅथलिक धर्मसंस्थेची पकड पिढ्यान् पिढ्या घट्ट होती, तो हा देश. ‘समाज अजून तयार नाही’ हे वाक्य तेथेही रोज ऐकू येत होते. समाज तयार नव्हता हे खरेच. चळवळीने त्याला तयार केले.

कसे तयार केले? ‘येस इक्वॉलिटी’ या नावाखाली तीन संघटना एकत्र आल्या आणि प्रत्येक परगण्यात स्थानिक गट उभे राहिले. आधी मतदारनोंदणी झाली, मग संध्याकाळी दोघातिघांच्या टोळ्या करून घरोघर जाणे सुरू झाले. ‘मी होकार देणार आहे, का ते विचारा’ अशा अर्थाचा बिल्ला छातीवर लावून लोक बाजारात, बसमध्ये, कामावर वावरत असत. या बिल्ल्यात प्रचाराचे सारे मर्म होते. कार्यकर्त्याने भाषण ठोकायचे नाही, समोरच्याला विचारू द्यायचे. नातवंडांनी आजीला दूरध्वनी करून तिचे मत विचारावे, असाही कार्यक्रम निघाला. परदेशी कामासाठी गेलेले तरुण केवळ मत देण्यासाठी बोटीने आणि विमानाने परतले. मजूर पक्ष आणि कामगार संघटना उघडपणे प्रचारात उतरल्या. या कष्टाचे फळ कसे मोजायचे? वायव्येकडील डोनेगल परगण्याच्या दक्षिण-पश्चिम मतदारसंघात अवघ्या ३३ मतांनी होकार जिंकला. एका कार्यकर्त्याने चार संध्याकाळी दारोदार फिरून कमवावीत इतकीच ही मते.

या प्रचारात एक मराठी धागाही होता. जानेवारी २०१५ मध्ये आयर्लंडचे तत्कालीन आरोग्यमंत्री लिओ वराडकर यांनी नभोवाणीवरील मुलाखतीत आपण समलिंगी असल्याचे जाहीर केले. त्यांचे वडील मुंबईहून तिकडे गेलेले डॉक्टर, आणि घराण्याचे मूळ गाव सिंधुदुर्ग जिल्ह्यातील मालवण तालुक्यातले वराड. २०१७ साली ते पंतप्रधान झाले तेव्हा आपल्या वृत्तपत्रांनी ‘मालवणचा सुपुत्र’ म्हणून त्यांचे कोडकौतुक केले. वराडकर उजव्या वळणाच्या पक्षाचे. त्यांच्या आर्थिक धोरणांशी या लेखकाचे कधी जमले नसते. पण प्रश्न त्यांच्याविषयीचा नाही, आपल्याविषयीचा आहे. डब्लिनच्या पंतप्रधानाचा अभिमान वाटणाऱ्या आपल्याला, खुद्द वराडमध्ये वाढलेल्या आणि तेथेच राहू इच्छिणाऱ्या एखाद्या मुलाने तीच गोष्ट चावडीवर सांगितली तर कौतुक वाटेल काय? त्याला गाव सोडून मुंबईची वाट धरावी लागणार नाही, अशी हमी आपल्यापैकी कोण देईल? सातासमुद्रापलीकडचे धैर्य साजरे करायचे आणि वेशीच्या आतले धैर्य ठेचायचे, हा दुटप्पीपणा आहे.

अमेरिकेचा अनुभव याच्या दोन्ही बाजू दाखवतो. कॅलिफोर्निया राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने मे २००८ मध्ये समलिंगी विवाहाला मान्यता दिली आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात मतदारांनी ५२ टक्के मतांनी ती काढून घेतली. न्यायालयाने उघडलेले दार लोकांनी लोटून दिले. मेन या ग्रामीण राज्यात २००९ साली कायदेमंडळाने हक्क दिला आणि तेथील मतदारांनी तो काही महिन्यांतच रद्द केला. परंतु मेनच्या कार्यकर्त्यांनी पुढची तीन वर्षे विरोधात मत देणाऱ्यांच्याच घरी जाण्यात घालवली. ते वाद घालीत नसत. ‘तुमचे लग्न तुमच्या लेखी काय आहे?’ असे विचारीत, ऐकून घेत आणि मग आपली हकीकत सांगत. नोव्हेंबर २०१२ मध्ये त्याच राज्यातील मतदारांनी प्रत्यक्ष मतदानाने समान विवाहाला संमती दिली.

अशा संवादाचा परिणाम खरोखर टिकतो काय, याविषयी शास्त्रीय चर्चाही झाली आहे. लॉस एंजलिसमधील घरोघरच्या प्रचारावरचा एक गाजलेला शोधनिबंध २०१५ साली मागे घ्यावा लागला, कारण त्यातील आकडेवारीवर विश्वास ठेवता येत नाही असे सिद्ध झाले. ज्या दोन संशोधकांनी त्यातील विसंगती उघडकीस आणण्यात भाग घेतला, त्यांनीच मायामीत केलेला स्वतंत्र अभ्यास २०१६ साली प्रसिद्ध झाला. पारलिंगी व्यक्तींविषयीचा आकस सुमारे दहा मिनिटांच्या मोकळ्या संभाषणाने कमी होतो आणि तो परिणाम तीन महिन्यांनंतरही टिकून राहतो, असे त्यांना आढळले. खोटी आकडेवारी टाकून दिल्यावरही जे उरले, ते कार्यकर्त्याला उमेद देणारे आहे.

येथे कोणी म्हणेल, हे सारे पाश्चात्त्य देशांचे. आपल्याकडे सार्वमताची तरतूद नाही आणि असती तरी आपला समाज निराळा आहे. यातील पहिला भाग खरा आहे आणि अल्पसंख्याकांचे हक्क बहुसंख्याकांच्या मतपेटीत घालू नयेत, हेही मी मानतो. पण सार्वमत नसले तरी लोकमत आहेच. आणि विवाहाच्या क्षेत्रात लोकांतून सुरू होऊन कायद्यापर्यंत पोहोचलेल्या चळवळींची परंपरा आपल्या मातीत आयर्लंडहून जुनी आहे.

सत्यशोधक समाजाने १८७३ सालापासून ब्राह्मण पुरोहितावाचून लग्ने लावण्यास आरंभ केला, तेव्हा जोतीरावांनी आधी सरकारची परवानगी मागितली नव्हती. कोल्हापुरात शाहू महाराजांनी १९१९ साली आंतरजातीय विवाहाला कायद्याचे पाठबळ दिले, त्यामागे गावोगावच्या सत्यशोधकांनी नांगरलेली जमीन होती. तामिळनाडूचे उदाहरण तर आजच्या परिस्थितीला तंतोतंत लागू पडते. पेरियारांच्या स्वाभिमान चळवळीने १९२० च्या दशकाच्या अखेरीपासून पुरोहित आणि मंत्र यांना फाटा देऊन हजारो लग्ने लावली. १९५० च्या दशकात मद्रास उच्च न्यायालयाने असा विवाह कायद्याने विवाहच नव्हे, असा निवाडा दिला. चळवळीने काय केले? लग्ने लावणे चालूच ठेवले. गावात त्या जोडप्यांना नवराबायको म्हणूनच ओळखले जात होते. पुढे १९६७ साली अण्णादुराईंचे सरकार आले आणि त्याने हिंदू विवाह कायद्यात राज्यापुरती दुरुस्ती करून या विवाहांना मान्यता दिली, झालेल्या आणि होणाऱ्याही. लोकांनी आधी विवाह मानले, न्यायालयाने नाकारले आणि शेवटी विधिमंडळाने स्वीकारले, असा हा क्रम आहे. विवाह हा विषय घटनेच्या समवर्ती सूचीत असल्यामुळे राज्याच्या विधिमंडळालाही त्यात काही करता येते, हा धडा त्यातून घेण्यासारखा आहे.

आता आपल्यातीलच मित्रांच्या आक्षेपांकडे वळतो. ते तीन आहेत.

पहिला आक्षेप असा : हा उच्चभ्रूंचा प्रश्न आहे. शेतमालाला भाव नाही, कंत्राटी कामगाराला सुरक्षितता नाही, अशा वेळी हे चोचले कशाला? गंमत अशी की केंद्र सरकारनेही २०२३ साली सर्वोच्च न्यायालयात याचिकाकर्त्यांच्या मागणीला ‘शहरी अभिजनांचा विचार’ म्हणूनच हिणवले होते. ज्या सरकारशी आपले एकाही मुद्द्यावर पटत नाही, त्याचा युक्तिवाद आपण उसना घ्यावा, हे विचार करण्याजोगे आहे. वस्तुस्थिती काय सांगते? १९८७ साली मध्य प्रदेशच्या सशस्त्र पोलीस दलातील दोन महिला शिपायांनी एकमेकींशी विवाह केला आणि त्यापायी दोघींनाही नोकरी गमवावी लागली. त्या कोणत्या अर्थाने अभिजन होत्या?

आयुष्यभर अर्थशास्त्र शिकवलेल्या माणसाला या आक्षेपाचे सर्वाधिक आश्चर्य वाटते. विवाह ही भावनेची गोष्ट असेल, पण राज्यसंस्थेच्या दृष्टीने ती मालमत्ता, वारसा, विमा आणि निवृत्तिवेतन यांची किल्ली आहे. ही किल्ली नसल्याने कोणाचे अडते? श्रीमंत जोडपे वकील गाठून मृत्युपत्र करते, सदनिका दोघांच्या नावे घेते, विश्वस्तनिधी स्थापते, परदेशी जाऊन विवाह करते. विवाहाने जे फुकट मिळते, ते पैसे टाकून करारांनी जवळजवळ सारे विकत घेता येते. आता समजा, औद्योगिक वसाहतीत काम करणाऱ्या दोन स्त्रिया पंधरा वर्षे एका खोलीत संसार करीत आहेत. त्यांतील एक आजारी पडली तर दुसरीच्या नावावरील कर्मचारी राज्य विमा योजनेचा लाभ तिला मिळत नाही, कारण त्या योजनेच्या लेखी ती ‘कुटुंब’ नाही. यंत्रावर अपघात होऊन एकीचा मृत्यू झाला तर नुकसानभरपाई कायद्याने ठरवलेल्या अवलंबितांनाच मिळते आणि त्या यादीत दुसरीला स्थान नाही. मृत्युपत्र केलेले नसेल, आणि गरिबांनी ते बहुधा केलेले नसतेच, तर साठवलेला पैसा आणि भांडीकुंडी यांवर हक्क सांगायला माहेरचा तो भाऊ येऊ शकतो, ज्याने पंधरा वर्षे तोंड पाहिलेले नाही. एखादी सरकारी नोकरीत असेल तर तिच्यामागे कुटुंब-निवृत्तिवेतन दुसरीला मिळणार नाही. तात्पर्य, विवाहाच्या हक्काचा अभाव हा गरिबांवर बसणारा कर आहे आणि ऐपत जितकी कमी तितका त्याचा बोजा जास्त. जो कर गरिबाला अधिक छळतो त्याच्या विरुद्ध उभे राहणे हे समाजवाद्याचे काम नसेल, तर कोणाचे आहे?

दुसरा आक्षेप अधिक विचारपूर्वक घेतलेला आहे आणि तो बहुधा स्त्रीमुक्तीच्या चळवळीतील मैत्रिणींकडून येतो. विवाहसंस्था हीच मुळी पुरुषप्रधान आहे, ती जात टिकवण्याचे साधन आहे, मग तिच्यात प्रवेश मागण्याऐवजी ती मोडण्याची भाषा का करू नये? विवाहसंस्थेचे हे वर्णन मला मान्य आहे, त्यातून काढलेला निष्कर्ष मान्य नाही. जमीन ही सरंजामशाहीची बैठक होती म्हणून भूमिहीनांनी जमीन मागू नये, असे आपण कधी म्हटले नाही. ज्याला घरात राहण्याची मुभाच नाही, त्याला घर सोडण्याचा उपदेश करणे हा उपदेशकाचा चैनीचा भाग होय. शिवाय जेथे नवरा-बायको या भूमिका जन्मतः ठरलेल्या नाहीत, असे दोन समान व्यक्तींचे लग्न कायद्याने मान्य झाले, तर विवाह म्हणजे एकाची मालकी आणि दुसऱ्याची सेवा, या समजुतीलाच तडा जातो. विवाहाबाहेरच्या कुटुंबांनाही संरक्षण हवे, हे खरेच. मे २०२५ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने विवाह हा कुटुंबाचा एकमेव पाया नाही, माणसाने निवडलेले कुटुंबही असू शकते, असे म्हटले, त्याचे स्वागतच केले पाहिजे. पण दोन्ही मागण्या एकमेकींच्या आड येत नाहीत.

तिसरा आक्षेप संस्कृतीचा. समलिंगी संबंधांची चर्चाच परकी, असे म्हणणाऱ्यांनी महाराष्ट्राचा इतिहास चाळावा. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी ‘समाजस्वास्थ्य’ मासिकात लैंगिक प्रश्नांवरच्या वाचकांच्या शंकांना निर्भीड उत्तरे दिली, त्यांत समलिंगी आकर्षणाचाही विषय होता. त्याबद्दल त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला भरला गेला आणि १९३४ साली त्यांचे वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घेतले. खटला हरला, पण शंका विचारणारे वाचक मराठी होते, उत्तर देणारा संपादक मराठी होता आणि त्यांचा कैवार घेणारे वकील उद्या घटनेचे शिल्पकार होणार होते. ही परंपरा परकी म्हणायची, तर आपले म्हणायचे तरी काय?

मग करायचे काय? केवळ ठराव करून भागणार नाही. माझ्या मते कार्यक्रम तीन पायऱ्यांचा असावा.

पहिली पायरी आपल्या स्वतःच्या घरात. युनियन, पतसंस्था, गृहनिर्माण संस्था, शिक्षक संघटना, सहकारी ग्राहक भांडार या संस्थांत आपले कार्यकर्ते पदाधिकारी आहेत. आपल्या सभासदाच्या समलिंगी जोडीदाराला कल्याणनिधी, वैद्यकीय मदत आणि अंत्यविधीचे साहाय्य यांसाठी कुटुंबीय मानण्याचा नियम या संस्थांना, जेथे कायदा आड येत नाही तेथे, आजच करता येतो. संसदेने जे केले नाही त्याबद्दल ओरड करण्यापूर्वी, आपल्या हाती आहे ते आपण केले काय, हे विचारले पाहिजे. नामनिर्देशनाचा अर्ज भरताना ‘नाते’ या रकान्यापुढे जोडीदाराचे नाव निर्धास्तपणे लिहिता यावे, एवढे झाले तरी त्या कचेरीतील दहा माणसे त्या विषयावर प्रथमच बोलतील.

दुसरी पायरी मिळालेल्या तुटपुंज्या सवलती पदरात पाडून घेण्याची. निकालानंतर एप्रिल २०२४ मध्ये केंद्राने मंत्रिमंडळ सचिवांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. त्यानंतर त्याच वर्षी निघालेल्या सूचनांनुसार शिधापत्रिकेसाठी समलिंगी जोडीदार एकाच कुटुंबातील मानले जावेत, त्यांना बँकेत संयुक्त खाते उघडता यावे आणि एकमेकांचे नामनिर्देशन करता यावे, आणि निधनानंतर जवळचे नातेवाईक नसल्यास जोडीदाराला पार्थिव ताब्यात घेता यावे, असे ठरले. दिल्लीचा कागद आणि तहसील कचेरीची खिडकी यांत किती अंतर असते, हे शिधापत्रिकेसाठी मोर्चे काढलेल्या आपल्या कार्यकर्त्यांना वेगळे सांगायला नको. प्रत्येक तालुक्यात एका कार्यकर्त्याने ही सूचना हातात घेऊन पुरवठा निरीक्षकापुढे उभे राहावे. एखाद्या जोडप्याला प्रथम एकत्र शिधापत्रिका मिळेल, त्या दिवशी त्या तालुक्यात ‘उच्चभ्रूंचा प्रश्न’ हा शब्दप्रयोग संपेल.

तिसरी पायरी सर्वांत अवघड आणि सर्वांत महत्त्वाची. ती म्हणजे लोकांशी बोलणे. ‘एक गाव, एक पाणवठा’ ही मोहीम घेऊन डॉ. बाबा आढाव गावोगाव हिंडले. अस्पृश्यता घटनेने तेव्हाच संपवलेली होती, तरीही पाणवठ्यावर जाऊन बोलावे लागले. १९५४ पासून विशेष विवाह कायदा आहे, तरीही तीस दिवसांची नोटीस कचेरीच्या भिंतीवर लागताच आंतरजातीय किंवा आंतरधर्मीय जोडप्याचे नातेवाईक काठ्या घेऊन येऊ शकतात. कायदा आला म्हणून समाज आपोआप बदलत नाही, हे आपण पाहिले आहे. उलट समाजाने पुढाकार घेतल्याचीही उदाहरणे आहेत. कोल्हापूर जिल्ह्यातील शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. दोन आठवड्यांच्या आत राज्य सरकारने परिपत्रक काढून इतर गावांना हेरवाडचा कित्ता गिरवण्यास सांगितले. कुंकू पुसणे आणि बांगड्या फोडणे यांसारख्या घरातल्या, कोणी बोलू नये अशा विषयावर एक गाव ग्रामसभेत बोलू शकते, तर आपल्या गावातील समलिंगी मुलामुलींना मारझोड, जबरदस्तीचे लग्न आणि बहिष्कार सोसावा लागणार नाही, एवढा ठराव दुसऱ्या एखाद्या गावाला अशक्य का वाटावा? ग्रामपंचायत विवाहाचा कायदा बदलू शकत नाही. पण गावात कोणाला निर्भयपणे राहता येईल, हे ती पुष्कळ अंशी ठरवू शकते.

शेजारच्या नेपाळकडेही पाहावे. २०२३ च्या जूनमध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने तात्पुरती नोंदणी करण्याचा अंतरिम आदेश दिला. काठमांडूच्या न्यायालयात तो आदेश अडला, पण २९ नोव्हेंबर २०२३ रोजी पहिली नोंदणी झाली ती लमजुङ जिल्ह्यातील दोर्दी या ग्रामीण पालिकेत. राजधानी कचरली आणि डोंगरातले गाव पुढे झाले. ‘खेडे म्हणजे मागासलेपण’ हा आपला शहरी अहंकार तपासून पाहण्यास हे पुरेसे आहे.

या कामात धोके आहेत. सभा उधळल्या जातील, मतपेटीची काळजी करणारे पुढारी ‘आता नको’ म्हणतील. दारात उभे राहून ज्यांना आपली हकीकत सांगावी लागेल, त्या तरुण-तरुणींना सर्वांत मोठी किंमत मोजावी लागेल. म्हणून त्यांना एकटे पुढे ढकलून आपण मागे राहायचे नाही. आयर्लंडमध्ये आईवडील मुलांबरोबर दारोदार गेले. आपल्याकडेही प्रथम बोलले पाहिजे ते आपण, ज्यांचे या मागणीत स्वतःचे काही अडकलेले नाही आणि ज्यांच्या शब्दाला वयामुळे किंवा पदामुळे गावात अद्याप थोडा मान आहे. पांढऱ्या केसांचा याहून चांगला उपयोग मला तरी सुचत नाही.

डब्लिनमध्ये खटला हरल्यापासून सार्वमत जिंकेपर्यंत साडेआठ वर्षे लागली. आपला देश मोठा आहे, आपल्याला अधिक लागतील. परंतु पहिला दिवस मोजायचा कोठून, हे ठरवणे आपल्या हाती आहे. ज्या दिवशी पक्षाची एखादी तालुका शाखा हा विषय आपल्या मासिक बैठकीच्या कार्यक्रमपत्रिकेवर घेईल आणि दुसऱ्या दिवशी तिचे चार कार्यकर्ते तो घेऊन घरोघर निघतील, तो पहिला दिवस. तो कोणत्या तालुक्यात उजाडतो, याची वाट पाहण्यापेक्षा आपल्या तालुक्यात उजाडवावा, हे बरे.